किल्ली

तिच्या कॅमेऱ्याला सेल लागत नसत.
कडेला एक किल्ली होती, भिंतीवरच्या घड्याळाला देतात तशी द्यायची,
की अठ्ठावीस सेकंद जग तुमचं.
एकोणतिसावा कधीच मिळाला नाही.
ओंदिना म्हणायची, पुरे झाले.
दाढ उपटायलाही एवढेच लागतात.

तिला ठाऊक असणारच. एकतीस वर्षं
मोंतेविदेओत, सेर्रोच्या उतारावर,
एका दंतवैद्याकडे लोकांच्या जबड्यांचे एक्सरे धुवायची.
दिवसा पगाराचा अंधार,
रात्री पदरचा.

मी क्लबात प्रोजेक्टर चालवायचो.
शुक्रवारी बंदुका, शनिवारी रडारड,
आणि महिन्याच्या शेवटच्या मंगळवारी ओंदिना बेर्रुती.
प्रेक्षक सात.
एक जण थंडीला आडोसा म्हणून येई.
तिची बहीण अंधारातही टाका न चुकवता विणत बसे.
सातवा मी. मला उठून जाता येत नव्हतं.

पहिली रीळ : मांसाच्या कारखान्याचं धुराडं,
कारखाना बंद पडल्यानंतरचं.
बावीस मिनिटं. धूर नाही.
मी म्हटलं, बाई, यात काही घडतच नाही.
ती म्हणाली, तेच घडलंय.
माझा बाप तिथे कातडी सोलायचा.
त्या रात्री मी घरी जाताना वळून वर पाहिलं,
आणि रोज पाहू लागलो, खोड लागल्यासारखा.

रसायनं महागली तेव्हा ती मातेची पत्ती उकळू लागली,
त्यात धुण्याचा सोडा, व्हिटॅमिनच्या गोळ्या.
अर्धा काढा फिल्मला, अर्धा आम्हाला. सोडा अर्थात नंतर.
दिव्यासमोर रीळ तापली की
सगळ्या खोलीत ओल्या गवताचा वास.
पडद्यावरचं काही आठवत नाही असे लोक
तो वास अजून सांगतात.

मग ते दिवस आले, दारावर थाप पडली की
आधी रेडिओ बंद करायचे दिवस.
एक तरणा लेफ्टनंट खुर्ची ओढून बसला. दाखवा, म्हणाला.
मी नदी लावली. तपकिरी पाणी, चाळीस मिनिटं.
माझे हात एवढे कापत होते की फिल्म दोनदा निसटली.
संपल्यावर त्याने विचारलं, हे कुणाविरुद्ध आहे?
ओंदिनाने खरोखरच विचार केला.
घाईविरुद्ध असावं.
त्याने कागदावर एक शब्द लिहिला, शिक्का मारला :
निरुपद्रवी.

आम्ही सुटलो. मी बाटली उघडली.
ती प्यायली नाही.
दवाखान्यातला दात टोकरायचा आकडा तिने घरी आणला
आणि फिल्मवर, नखाएवढ्या एकेका चौकटीत,
तोच शब्द कोरत बसली. पाच हिवाळे.
भिंगाने डावा डोळा गेला.
पडद्यावर तो शब्द थरथरतो, पेटतो,
किड्यासारखा काचेवर आपटत राहतो,
वाचता मात्र येत नाही.

जर्मनीहून एकदा पत्र आलं, रीळ पाठवा.
पाठवली. आठ महिन्यांनी परत आली, डब्याची चिकटपट्टी शाबूत.
ती म्हणाली, समुद्र तर बघितला तिने.
मला अजून राग येतो. तिला का आला नाही, कळत नाही.

एक शिस्त होती : झोपायच्या आधी
कॅमेऱ्याची किल्ली पूर्ण उतरवून ठेवायची.
स्प्रिंगला रात्रभर ताण नको.
माणसांबद्दल ती असं कधी बोलली नाही.

गेल्या ऑगस्टमध्ये बहिणीने मला बोलावलं.
ओट्यावर कॅमेरा, शेजारी तिचा चष्मा.
उचलला तर आत ताण जाणवला.
बोट लागलं की लावलं, विचारू नका.
चालू झाला.
भिंगाची टोपी काढलेली होती.
समोर खिडकी, पुसायचं फडकं, दारात बहीण, हातात सुया.
मी मोजत होतो, सवयीने.
अकरा सेकंद, मग खट्.

म्हणजे आधीचे सतरा तिचे.
कशाचे, ते त्या गुंडाळीत आहे.
काढ्याचं प्रमाण तिने कुठे लिहून ठेवलेलं नाही.
मी पत्तीची तीन पाकिटं आणून ठेवलीत.
रोज पाणी तापवतो,
आणि पिऊन टाकतो.